भयपटांचे संगीत आणि थाळनेरचे आजोळ

मराठी-हिंदी भयपटांच्या संगीताची हकिकत धुळे जिल्ह्यातल्या थाळनेरला वगळून पुरी होत नाही. तापीकाठचे हे गाव फारुकी सुलतानांची जुनी राजधानी, आणि लता, आशा, हृदयनाथ या मंगेशकर भावंडांचे आजोळही. त्यांच्या आई, माई मंगेशकर, इथल्या गुजराती लाड घराण्यातल्या. आजीच्या तोंडचे गरबे लताबाईंनी लहानपणीच उचलले होते.

पडद्यावरच्या भुताला गाता गळा मिळाला तो १९४९ च्या ‘महल’मध्ये. कमाल अमरोहींच्या या चित्रपटाचे संगीतकार होते खेमचंद प्रकाश. ‘आयेगा आनेवाला’च्या आरंभीच्या ओळींना ताल नाही; कोणीतरी दुरून गात जवळ येते आहे, एवढाच भास हवा होता. तो यंत्राने साधण्याची सोय तेव्हा नव्हती. म्हणून मायक्रोफोन खोलीच्या मधोमध ठेवला गेला आणि विशीतल्या लताबाई कोपऱ्यातून गात गात त्याच्याकडे चालत आल्या. तबकडीवर गायिका म्हणून नाव छापले गेले ते ‘कामिनी’, म्हणजे चित्रपटातल्या पात्राचे. ज्या आवाजाने सारा देश वेडावला, त्याच्या मालकिणीचे नाव तबकडीवर नसावे, ही रुखरुख लावणारी गोष्ट आहे.

पुढे भुताला गाता आवाज देण्याचा पायंडा पडला. हेमंतकुमारांच्या ‘बीस साल बाद’मध्ये (१९६२) आणि मदनमोहन यांच्या ‘वो कौन थी’मध्ये (१९६४) गूढ स्त्रीचा आवाज लताबाईंचाच आहे. मराठीत राजा परांजपे यांचा रहस्यपट ‘पाठलाग’ही १९६४ चाच; त्यात दत्ता डावजेकरांच्या चालीवर आशाबाई गायल्या.

त्याच वर्षी जपानमध्ये मासाकी कोबायाशींचा ‘क्वायदान’ तयार झाला. संगीतकार तोरू ताकेमित्सू यांनी त्यात बिवा हे तंतुवाद्य आणि लाकूड फुटल्याचे आवाज वापरले. कित्येक ठिकाणी संगीत अजिबात ठेवलेच नाही. दृश्यात दार मोडते, पण ऐकू काहीच येत नाही, आणि प्रेक्षक नको तितका सावध होतो. आपल्या संगीतकारांनी ही वाट धरली नाही. त्यांचे भूत घाबरवण्याआधी गाण्याने ओढ लावते, आणि ती ओढच माणसाला पडक्या वाड्यापर्यंत नेते.

संगीतकार हृदयनाथांनी ही ओढ सर्वांत नेमकी पकडली. वसंत जोगळेकरांच्या ‘हा खेळ सावल्यांचा’ (१९७६) या चित्रपटातले ‘रात्रीस खेळ चाले’ हे सुधीर मोघे यांचे गीत महेंद्र कपूर यांनी गायले आहे. त्यात किंकाळी नाही की वाद्यांचा कल्लोळ नाही, तरी काळोखात ते ऐकताना जीव धास्तावतो. मराठी भयसंगीतात त्याच्या तोडीचे दुसरे गाणे नाही. पुढे गुलजार यांच्या ‘लेकिन’ या भूतकथेची निर्मिती लताबाईंनी केली आणि संगीत हृदयनाथांनी दिले. त्यासाठी १९९० सालचे राष्ट्रीय पुरस्कार दोघांनाही मिळाले, हृदयनाथांना संगीताचा आणि लताबाईंना गायनाचा.

२०१६ मध्ये झी मराठीने कोकणातल्या एका घराची गूढ मालिका आणली, तेव्हा नाव म्हणून मोघे यांच्या गीताचेच पहिले शब्द घेतले गेले.