हेरिंगहॅमबाई आणि अजिंठ्याची लाल रेघ

जळगावहून अजिंठ्याला निघालात की नेरी, पहूर मागे टाकत साठेक किलोमीटरवर फर्दापूर येतं. तिठ्यावर गाडी लावायची, तिकीट काढायचं, लेण्यांकडे जाणाऱ्या बसमध्ये बसायचं. बहुतेकांसाठी फर्दापूरचं काम एवढंच. फार तर जाता-येता एक कटिंग चहा.

पण १९०९ च्या हिवाळ्यात या गावाशेजारी तंबू लागले होते. त्यात मुक्कामाला होती एक ५७ वर्षांची इंग्रज चित्रकार. तिच्यासोबत कलकत्त्याहून आलेली पंचविशीच्या आसपासची पोरं होती आणि हैदराबादचे दोन चित्रकार. रोज सकाळी ही मंडळी लेण्यांकडे जायची आणि अंधाऱ्या विहारांत दिवसभर भिंतीसमोर बसून चित्रं उतरवून घ्यायची.

तिचं नाव ख्रिस्तियाना हेरिंगहॅम. आपल्याकडच्या रीतीने आपण त्यांना हेरिंगहॅमबाई म्हणू.

खानदेशात अजिंठ्याची गोष्ट सांगायला बसलं की रॉबर्ट गिल आणि पारो हमखास येतात. ना. धों. महानोरांनी त्यांच्यावर काव्य लिहिलं, २०१२ मध्ये सिनेमाही आला. गिलची कबर भुसावळला आहे, पारोची अजिंठा गावात. चित्र काढणारा पुरुष आणि त्याच्यावर जीव लावणारी बाई, ही गोष्ट आपल्या चांगली लक्षात राहिली. पण याच लेण्यांत एक बाई स्वतः कागद-कुंचला घेऊन दोन हिवाळे बसली होती, हे मात्र आपल्या बोलण्यात येत नाही.

अंड्यातल्या बलकाचा रंग

ख्रिस्तियाना पॉवेल यांचा जन्म १८५२ चा. वडील शेअर दलाल, पैसेवाले आणि कलेचे शौकीन. १८८० मध्ये विल्मट हेरिंगहॅम या डॉक्टरांशी लग्न झालं. दोन मुलगे झाले, त्यातला एक लहानपणीच गेला.

त्या काळात चांगल्या घरातल्या इंग्रज बाईने चित्रं काढणं कौतुकाचं होतं, पण ते बैठकीच्या खोलीपुरतं. फुलं काढावीत, जलरंगात एखादं निसर्गदृश्य करावं, पाहुण्यांना दाखवावं. हेरिंगहॅमबाईंना यात रस नव्हता. त्यांना पडलेला प्रश्न वेगळाच होता: तेलरंग येण्याआधी इटलीतले जुने चित्रकार रंग बनवत तरी कसे होते?

उत्तर सापडलं चेन्निनो चेन्निनी नावाच्या जुन्या इटालियन चित्रकाराच्या पुस्तकात. पाटी कशी घोटायची, रंग कसा वाटायचा, अंड्याचा बलक किती घालायचा, असं सगळं त्यात पाककृतीसारखं लिहिलेलं आहे. बाईंनी त्याचा इंग्रजी अनुवाद केला, तो १८९९ मध्ये छापून आला. नुसता अनुवाद करून त्या थांबल्या नाहीत. पुस्तकातल्या कृती स्वतः करून पाहिल्या, बोत्तिचेल्लीसारख्यांच्या चित्रांच्या प्रतिकृती त्याच पद्धतीने केल्या. या पद्धतीला टेंपेरा म्हणतात. ती इंग्लंडमध्ये पुन्हा रुजवण्यासाठी १९०१ मध्ये चित्रकारांची जी संस्था निघाली, तिच्या स्थापनेत बाई आघाडीवर होत्या.

१९०३ मध्ये इंग्लंडमधली मोलाची चित्रं परदेशी जाऊ नयेत म्हणून एक निधी उभा राहिला. त्यातले पहिले २०० पौंड बाईंचे होते. तो निधी आजही चालू आहे. बायकांना मताचा हक्क मिळावा म्हणून लंडनच्या रस्त्यांवर मोर्चे निघत, त्यांचे झेंडे भरणाऱ्यांत, म्हणजे त्यांवर भरतकाम करणाऱ्यांतही बाई होत्या. थोडक्यात, अजिंठ्याला आलेली ही बाई हौशी प्रवासी नव्हती. भिंतीवरचा रंग कसा लागला असेल, हे हाताने समजून घेतलेली ती कारागीर होती.

दोन हिवाळे

१९०६ मध्ये सरकारने खानदेश जिल्ह्याचे दोन भाग केले: पूर्व खानदेश, ठाणं जळगाव; पश्चिम खानदेश, ठाणं धुळे. त्याच वर्षीच्या हिवाळ्यात बाई पहिल्यांदा हिंदुस्थानात आल्या आणि त्यांनी अजिंठा पाहिला. लेणी निजामाच्या मुलखात, पण जायची नेहमीची वाट खानदेशातून. रेल्वेने इकडे उतरायचं आणि पुढे टांगा किंवा बैलगाडी.

भिंतींची अवस्था पाहून बाई अस्वस्थ झाल्या. १८१९ मध्ये जॉन स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्याला लेणी दिसली, तेव्हापासून बघ्यांनी भिंतींवर नावं कोरली होती, कुणी तुकडे उकलून नेले होते. गिलने १८४४ नंतर वर्षानुवर्षं खपून केलेल्या प्रतिकृतींपैकी बहुतेक १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळाल्या होत्या. मग मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टचे जॉन ग्रिफिथ्स यांनी १८७२ ते १८८५ या काळात विद्यार्थ्यांना घेऊन नव्या प्रतिकृती केल्या. त्यातल्याही शंभरावर १८८५ मध्ये लंडनलाच आगीत गेल्या. शिवाय काम करताना रंग उठून दिसावेत म्हणून या मंडळींनी मूळ भिंतींवर व्हार्निश लावलं होतं. ते पुढे काळवंडलं. चित्र वाचवायला आलेल्यांनीच चित्रावर पडदा टाकला होता.

बाईंनी ठरवलं, आपण पुन्हा उतरवून घ्यायचं. खर्च स्वतःचा. १९०९-१० आणि १९१०-११ असे दोन हिवाळे त्या फर्दापूरला राहिल्या. दुसऱ्या वर्षी डोरोथी लार्चर ही तरुण इंग्रज चित्रकार मदतीला होती. हैदराबाद संस्थानाने सय्यद अहमद आणि फज्लुद्दीन काझी यांना दिलं. कलकत्त्याहून भगिनी निवेदितांच्या आग्रहाने आणि अवनींद्रनाथ ठाकुरांच्या संमतीने त्यांचे शिष्य आले: नंदलाल बोस, असितकुमार हालदार, समरेंद्रनाथ गुप्त, के. वेंकटप्पा. निवेदिता स्वतःही जगदीशचंद्र बोस यांच्यासोबत लेणी पाहायला येऊन गेल्या.

त्या तंबूंचं चित्र डोळ्यांसमोर आणून बघा. एक इंग्रज बाई, कलकत्त्याहून आलेली हिंदू पोरं, दख्खनी मुसलमान चित्रकार, आणि सगळे मिळून उतरवताहेत दीड हजार वर्षांपूर्वीची बौद्ध चित्रं. वंगभंगाच्या आंदोलनाची धग तेव्हा विझलेली नव्हती. गोरी बाई प्रमुख आणि बाकीचे सहायक, ही उतरंडही तिथे होतीच. बाई खर्च करणाऱ्या होत्या, नाव त्यांचं होणार होतं. पण भिंतीसमोर बसल्यावर शिकणं एकाच बाजूने होत नव्हतं. कलकत्त्याच्या त्या पोरांना अजिंठा पहिल्यांदा पुस्तकाबाहेर भेटला, तो इथे.

भिंत वाचणारी बाई

प्रतिकृती म्हटलं की आपण नाक मुरडतो. नक्कल करायला काय लागतं? अजिंठ्यात मात्र खूप काही लागतं. भिंत खडबडीत, रंगाचे पोपडे निघालेले, वर व्हार्निशचा थर, आणि उजेड दारातून येईल तेवढाच. आधी रेषा उतरवायच्या. कुठली रेषा मूळची, कुठली भेग आणि कुठला डाग, हे दर इंचाला ठरवायचं. मग भिंतीसमोर बसून रंग जुळवायचे.

इथे चेन्निनी कामाला आला. बाईंना भिंतीवर फक्त चित्र दिसत नव्हतं, चित्र होण्याचा क्रम दिसत होता. १९१० मध्ये लंडनच्या 'बर्लिंग्टन मॅगझिन'मध्ये त्यांनी अजिंठ्यावर लेख लिहिला. त्यांचं वाचन साधारण असं होतं: आधी पांढऱ्या गिलाव्यावर लाल रंगाने ठसठशीत रेखाटन. त्यावर हिरवट मातीच्या रंगाचा पातळ हात, खालची लाल रेघ थोडी दिसत राहील असा. मग ज्या त्या वस्तूचा रंग. मग काळ्या-तपकिरी रेषेने कडा पक्क्या करायच्या. शेवटी गरज असेल तिथे थोडी छटा.

आपण ज्याला सरसकट 'फ्रेस्को' म्हणतो, त्यात ओल्या चुन्यावर रंग भरतात. अजिंठ्यात तसं नाही. तिथे दगडावर माती, भुसा आणि वनस्पतींचे तंतू यांचा लेप आहे, वर चुन्याचा पातळ हात, आणि तो सुकल्यावर डिंक किंवा सरसासारख्या चिकट पदार्थात कालवलेले रंग. म्हणजे जात टेंपेराचीच. ज्या बाईने आयुष्याची दहा-पंधरा वर्षं अशाच रंगात हात माखून काढली होती, तिला अजिंठा ओळखीचा वाटला असेल तर नवल नाही.

त्याच वर्षी, जानेवारी १९१० मध्ये, लंडनच्या एका सभेत सर जॉर्ज बर्डवुड यांनी एका बुद्धमूर्तीची तुलना उकडलेल्या पुडिंगशी केली. हे गृहस्थ जन्माने बेळगावचे, हिंदुस्थानी कारागिरीचे मोठे जाणकार. पण इथे चांगल्या वस्तू होतात, थोर कला होत नाही, असं त्यांचं मत. त्यावर चित्रकार आणि लेखक भडकले, 'टाइम्स'मध्ये निषेधाचं पत्र गेलं आणि 'इंडिया सोसायटी' स्थापन झाली. बाई तिच्या संस्थापकांपैकी. थोर कला नाही म्हणणाऱ्यांना दाखवायला फर्दापूरच्या तंबूत कागद तयार होत होते.

शाप वगैरे

१९११ मध्ये बाई इंग्लंडला परतल्या आणि त्यांचं मन बिघडलं. कुणीतरी आपला पाठलाग करतंय, आपल्याला छळतंय, असे भास होऊ लागले. त्यांना मनोरुग्णांच्या खासगी रुग्णालयात ठेवावं लागलं. त्या पुन्हा बऱ्या झाल्या नाहीत. दुसरा मुलगा जेफ्री १९१४ मध्ये महायुद्धात मारला गेला. १९१५ मध्ये इंडिया सोसायटीने 'अजंता फ्रेस्कोज' हा त्यांच्या कामाचा ग्रंथ काढला, तेव्हा त्या रुग्णालयातच होत्या. मुखपृष्ठावर त्यांचा उल्लेख 'लेडी हेरिंगहॅम' असा आहे, कारण १९१४ मध्ये नवऱ्याला 'सर' ही पदवी मिळाली होती. लेण्यांत बसलेली बाई मात्र नुसती मिसेस होती. १९२९ मध्ये त्या वारल्या. इंग्लंडमध्ये बायकांना पुरुषांच्या बरोबरीने मताचा हक्क मिळाला, त्याच्या पुढच्या वर्षी.

आता मोबाइलवर 'अजिंठ्याचा शाप' शोधा. गिलची चित्रं जळाली, ग्रिफिथ्सची जळाली, जपानी चित्रकारांनी १९१७-१८ मध्ये केलेल्या प्रतिकृती १९२३ च्या टोकियोच्या भूकंपात गेल्या, आणि हेरिंगहॅमबाईंना वेड लागलं. घ्या, झाला शाप.

मला ही गोष्ट चिडवते. टोकियोच्या भूकंपात अख्खं शहर होरपळलं, त्यात काही कागद गेले. लंडनमध्ये मोठमोठी तेलचित्रं एका जागी रचून ठेवली होती, आग लागली तेव्हा ती एकदम गेली. यात गूढ काही नाही. आणि बाईंचं वेड? एखादा पुरुष चित्रकार मनाने खचला तर आपण त्याला प्रतिभेची किंमत म्हणतो. बाई खचली की तिला काहीतरी लागलं. तिच्या अनुवादाला, दोन हिवाळ्यांच्या कष्टाला आपण शापाच्या गोष्टीत पाचव्या ओळीची जागा देतो. त्यांच्या चरित्रकार मेरी लागो यांनी १९९६ मध्ये पुस्तक लिहून या आयुष्याची नीट मांडणी केली, तोवर बाई बहुतेक तळटीपेतच होत्या.

शाप शोधायचाच तर व्हार्निशमध्ये शोधावा. १९२० नंतर निजाम सरकारने इटलीहून लोरेन्झो चेक्कोनी यांना भिंती वाचवायला बोलावलं. त्यांनी पोपडे घट्ट बसवले, पण वर लावलेली लाख पुढे पिवळी पडली. ती काढायला पुरातत्त्व खात्याला अनेक वर्षं लागली.

फैजपूरला परत

हेरिंगहॅमबाईंच्या कामाचं पुढे काय झालं, हे पाहायला लंडनला जायची गरज नाही. असितकुमार हालदारांनी बंगालीत अजिंठ्यावर पुस्तक लिहिलं. सय्यद अहमद पुढे याच लेण्यांचे अभिरक्षक झाले. आणि नंदलाल बोस?

डिसेंबर १९३६ मध्ये काँग्रेसचं अधिवेशन पहिल्यांदाच खेड्यात भरलं, ते आपल्या फैजपूरला. बांबू आणि गवतकाडीतून तिथे 'टिळकनगर' उभं राहिलं. सजावट करायला गांधीजींनी बोलावलं ते नंदलालांना. फर्दापूरचा तंबू सोडून पंचवीसेक वर्षं झाली होती. मधल्या काळात अजिंठ्याची रेघ त्यांच्या हातात मुरली होती. पुढे भारतीय राज्यघटनेच्या मूळ हस्तलिखिताची पानं त्यांनी आणि त्यांच्या शिष्यांनी सजवली. या प्रवासात फर्दापूरच्या हिवाळ्याचा वाटा आहे, आणि त्या हिवाळ्याचा खर्च एका बाईने केला होता.

भुसावळला गिलची कबर आहे, अजिंठ्यात पारोची आहे. हेरिंगहॅमबाईंच्या नावाचा दगड इकडे कुठे पाहण्यात नाही. मला त्याची खंत वाटते, पण त्यावर एक साधा उपाय आहे. पुढच्या वेळी अजिंठ्याला जाल तेव्हा १७ व्या लेण्यात मोबाइल खिशात ठेवा. फ्लॅशला तशीही बंदी आहे. दोन-चार मिनिटं नुसते उभे राहा, डोळ्यांना अंधाराची सवय होऊ द्या. मग जिथे रंग झडलाय, तिथे बघा. काळ्या-तपकिरी रेषेच्या खाली, थोडी बाजूला सरकलेली, एखादी लाल रेघ दिसते का ते शोधा. चित्रकाराने आधी ती काढली आणि नंतर हात बदलला.

हेरिंगहॅमबाई तासन्‌तास तेच शोधत बसल्या होत्या.