कोल्हापूरचे चित्ते

कोल्हापूर संस्थानचा पश्चिमेकडील मुलूख सह्याद्रीच्या दाट रानांचा. पेठ वडगांवाकडून पूर्वेस निघालें म्हणजे मात्र डोंगर मागें पडतात आणि भूमि उघडी होत जाते. बिबट्यास लपावयास झाडी हवी. चित्त्यास धांवावयास माळ हवा. हा भेद ध्यानांत न राहिल्यामुळें मराठींत बिबट्यालाच चित्ता म्हणण्याची चूक रूढ झाली, आणि खरा चित्ता देशांतून नाहींसा झाल्याचें पुष्कळांस जाणवलेंही नाहीं.

मांजराच्या कुळांत चित्त्यासारखें विलक्षण जनावर दुसरें नाहीं. त्याच्या अंगावर भरीव काळे ठिपके असतात. बिबट्याच्या अंगावरील फुलांसारखीं कडीं नव्हेत. डोळ्याच्या आंतल्या कोपऱ्यापासून तोंडापर्यंत एक काळी रेघ उतरते, जणुं काजळच ओघळलें आहे. डोकें लहान, छाती खोल, कंबर बारीक आणि पाय लांब. नखें इतर मांजरांप्रमाणें पुरतीं आंत जात नाहींत, म्हणून धांवतांना तीं जमीन धरून ठेवतात. त्याला वाघाची डरकाळी नाहीं. खूष झाला म्हणजे तो घरच्या मांजरासारखा घुरघुरतो. ताशीं शंभर किलोमीटरच्या आसपास त्याचा वेग पोंचतो, पण तो कांहीं क्षणांपुरताच. तेवढ्यांत सावज हातीं न आलें, तर तो पाठलाग सोडून देतो.

या जनावराचा स्वभाव हेंच त्याचें दुर्दैव ठरलें. रानांत धरलेला पुरा वाढलेला चित्ता थोड्याच महिन्यांत माणसाळे आणि राखणदाराच्या खाटेशेजारीं निजे. कल्याणीच्या चालुक्य सोमेश्वरानें बाराव्या शतकांत रचलेल्या ‘मानसोल्लासां’त चित्त्याकरवीं शिकार करण्याचा उल्लेख आहे, म्हणजे ही करमणूक दक्षिणेस मोगलांच्या कितीतरी आधीं ठाऊक होती. शिकारीची रीत साधी होती. डोळे झांकलेला चित्ता बैलगाडींत बसवीत. काळविटांना शेतकऱ्याची गाडी रोजच्या ओळखीची, त्यामुळें तीं बुजत नसत. गाडी पुरेशी जवळ गेली कीं टोपी काढून चित्ता सोडीत. सावज पडल्यावर राखणदार पळीभर रक्त पुढें करून त्याला मोठ्या युक्तीनें बाजूला घेई. वडगांवच्या बाजाराला जाणाऱ्या गाडीसारख्या गाडींतून राजाचें हें जनावर मिरवे, ही गोष्ट गमतीची खरी.

गमतीची नव्हती ती पुढची गोष्ट. शिकार करण्याची विद्या पिल्लूं आईजवळच शिकतें. म्हणून दरबारांना वाढलेलींच जनावरें हवीं असत, आणि तीं रानांतूनच धरावीं लागत. बंदींत त्यांची वीण होत नसे. अकबरानें आपल्या हयातींत नऊ हजार चित्ते बाळगल्याचें सांगतात. एवढ्या खटाटोपांत तीन पिल्लांची एकच वीण झाली; जहांगिरानें 1613 सालीं ती नवलाची गोष्ट म्हणून लिहून ठेविली. बंदिस्त जागेंत चित्त्याचें पिल्लूं पुन्हां जन्मल्याची नोंद होण्यास 1956 साल उजाडावें लागलें, तेंही अमेरिकेंतील फिलाडेल्फिया येथें. मधल्या काळांत दरबारीं आणलेला प्रत्येक चित्ता हा रानांतून उणा झालेला चित्ता होता. त्यांत माळ नांगराखालीं गेले आणि काळवीट घटलें.

विसाव्या शतकाच्या आरंभीं भारतांतील रानें रितीं झालीं, तेव्हां कोल्हापूर व भावनगर या संस्थानांनीं आफ्रिकेंतून चित्ते आणविले. राजर्षि शाहू महाराज 1894 पासून 1922 पर्यंत आणि त्यांच्यामागून राजाराम महाराज 1940 पर्यंत गादीवर होते; कोल्हापूरच्या चित्त्यांचें नांव याच काळांत गाजलें. परंतु मानसोल्लासाच्या देशांतला तो वंश हा नव्हे. समुद्रापलीकडून विकत घेतलेला तो त्याचा भाऊबंद. दरबारचा शौक टिकला, पण ज्याच्यामुळें तो जन्मला तें जनावर टिकलें नाहीं.

1947 सालीं मध्य भारतांतील कोरिया संस्थानच्या राजानें एका रात्रीं तीन चित्ते मारले. भारतांतले ते शेवटचे मानले जातात. 1 मार्च 1949 रोजीं कोल्हापूर मुंबई प्रांतांत विलीन झालें, आणि 1952 सालीं चित्ता देशांतून नष्ट झाल्याचें सरकारनें जाहीर केलें. आशियांतील चित्ता आतां इराणांत मोजका उरला आहे. म्हणूनच 17 सप्टेंबर 2022 रोजीं मध्यप्रदेशांतील कुनो येथें आठ चित्ते सोडले, ते नामिबियाहून आणावे लागले. मार्च 2023 मध्यें त्यांतील एका मादीला चार पिल्लें झालीं.