हिवाळ्यांतील क्राकूफ

हिवाळ्यांत सहकुटुंब युरोपांत जावयाचें ठरलें, कीं घरांत पहिली चर्चा लोकरीच्या कपड्यांची होते, दुसरी खर्चाची होते, आणि तेथें काय पाहावयाचें हा प्रश्न बहुधा सर्वांच्या शेवटीं, तिकिटें हातांत पडल्यावर निघतो. इतरत्र हा क्रम चालून जात असेल. परंतु पोलंडच्या दक्षिण भागांतील क्राकूफ या जुन्या राजधानीच्या बाबतींत तो उलटा करणें हिताचें आहे. या नगरीचा इतिहास ज्या कुटुंबानें आधीं समजून घेतला, त्याला कोणता दिवस कोठें घालवावा, मुलांना काय दाखवावें आणि काय तूर्त राहूं द्यावें, हें ठरविणें सोपें जातें.

विस्तुला नदीच्या कांठीं वावेल नांवाची एक टेकडी आहे. तिच्यावर राजवाडा व त्याला लागूनच कॅथीड्रल आहे. पोलंडचे बहुतेक राजे तेथेंच अभिषिक्त झाले आणि त्यांतील कित्येकांच्या समाध्याही तेथेंच आहेत. सतराव्या शतकाच्या आरंभीं राजदरबार वॉर्सा येथें गेला, तरी अभिषेकाचा मान पुढेंही शंभरावर वर्षें वावेलकडेच राहिला. टेकडीच्या पायथ्याचें शहर मात्र एकदां पुरतें उद्ध्वस्त झालेलें आहे. इ. स. १२४१ मध्यें तार्तर टोळ्यांनीं तें जाळलें. पुढें १२५७ सालीं त्याला नवी सनद मिळाली आणि सूत्र धरून आंखावें तसें तें पुन्हा वसविलें गेलें. मध्यें सुमारें २०० मीटर लांबरुंद असा चौक व त्याला काटकोनांत मिळणारे रस्ते, ही तेव्हांची आंखणी आजही तशीच आहे. जुना तट एकोणिसाव्या शतकांत पाडला, तेव्हां त्याच्या जागीं प्लांटी नांवाची बाग लावली. ती गांवाभोंवतीं कड्यासारखी पसरली आहे. या कड्याच्या आंत बिऱ्हाड केलें, तर लहान मुलांना बरोबर घेऊनही बहुतेक सर्व स्थळें पायीं पाहतां येतात. उतरण्याची जागा निवडतांना कुटुंबानें एवढी एक गोष्ट अवश्य लक्षांत ठेवावी.

चौकाच्या कोपऱ्यावर मेरीमातेचें विटांचें उंच चर्च आहे. त्याच्या दोन मनोऱ्यांपैकीं उंच मनोऱ्यावरून दर तासाला कर्णा वाजतो. वाजविणारा अग्निशामक दलांतील शिपाई असतो. तो एकच धून चारी दिशांना आळीपाळीनें वाजवितो आणि दर वेळीं ती मध्येंच, बोलतां बोलतां वाक्य तुटावें तशी, थांबते. कथा अशी सांगतात कीं, तार्तरांचा हल्ला पाहून पहारेकऱ्यानें इशाऱ्याचा कर्णा फुंकला आणि त्याच क्षणीं शत्रूचा बाण त्याच्या कंठांत शिरला. धून जेथें तुटली, तेथेंच ती आजपर्यंत तोडली जाते. इतिहासाच्या दृष्टीनें पाहतां, त्या काळच्या लेखांत या पहारेकऱ्याचा मागमूस नाहीं. कथेचें आजचें रूप विसाव्या शतकांत प्रसिद्धीस आलें. तथापि धून तुटते ही गोष्ट खरी आहे, आणि ती पुरी करण्याचा मोह क्राकूफला झालेला नाहीं, हीही खरी आहे. १९२७ पासून पोलंडचें रेडिओ केंद्र दुपारीं बारा वाजतां हीच तुटलेली धून देशभर ऐकवीत आलें आहे. मुलांना पहिल्या दिवशीं दुपारीं बाराला या चौकांत उभें करावें आणि धून मध्येंच कां थांबली, हें त्यांनीं विचारण्याची वाट पाहावी.

आतां ऋतूविषयीं. डिसेंबरांत तेथें सूर्य पावणेचारच्या सुमारासच मावळतो. पारा शून्याच्या आसपास असतो आणि पुष्कळदां त्याच्याही खालीं जातो. म्हणून बाहेर हिंडण्याचीं कामें सकाळीं व संग्रहालयें दुपारनंतर, असा दिवस आंखावा. पूर्वी कोळशाच्या धुरामुळें तेथील हिवाळ्याची हवा फार वाईट असे; १ सप्टेंबर २०१९ पासून शहराच्या हद्दींत कोळसा व लांकूड जाळण्यास बंदी झाली, तेव्हांपासून तींत सुधारणा झाली आहे. नाताळाचा बाजार मोठ्या चौकांत भरतो. परंतु २४, २५ व २६ डिसेंबर, तसेंच १ व ६ जानेवारी हे सुट्टीचे दिवस असल्यामुळें दुकानें व संग्रहालयें बहुतेक बंद असतात. नाताळाच्या मुख्य दिवसांत पोंचणाऱ्या कुटुंबानें न्याहारीपासून जेवणापर्यंतची सोय आधींच करून ठेवावी. नाणें झ्लॉटी, परवाना शेंगेन व्हिसाचा, हेंही ध्यानांत असावें.

ज्यांना दिवस निवडण्याची मोकळीक आहे, त्यांनीं डिसेंबरचा पहिला गुरुवार साधावा. त्या दिवशीं चौकांतील कवि मित्स्क्येविच यांच्या पुतळ्यापाशीं शोप्का म्हणजे ख्रिस्तजन्माचे देखावे मांडले जातात. चमचमत्या रंगीत कागदांनीं मढविलेले हे देखावे गोठ्याच्या आकाराचे नसून क्राकूफच्याच मनोऱ्यांच्या व घुमटांच्या आकाराचे असतात. हिवाळ्यांत बांधकामें बंद पडलीं, कीं गवंडी लोक चार पैसे मिळावेत म्हणून असे देखावे करीत. त्यांतून ही कला वाढली. त्यांची स्पर्धा १९३७ सालीं सुरू झाली, महायुद्धांत खंडित झाली आणि १९४५ च्या डिसेंबरांत पुन्हा भरली. ज्या पुतळ्यापाशीं ती भरते, तो स्वतः नाझींनीं १९४० सालीं पाडला होता व १९५५ सालीं पुनः उभा राहिला. २०१८ मध्यें या कलेची युनेस्कोनें मानवजातीच्या सांस्कृतिक वारशांत नोंद केली.

हे देखावे ज्या सणासाठीं, त्या नाताळच्या पूर्वसंध्येला पोलिश घरोघरीं आकाशांत पहिली चांदणी दिसल्यावर कुटुंब जेवावयास बसतें. जेवण बिनमांसाचें असतें, मासे मात्र चालतात. आरंभीं एक पातळ पोळीसारखा पापुद्रा सर्वजण एकमेकांत मोडून खातात. आणि त्या पंगतींत एक पान जास्त मांडलेलें असतें. दारीं कोणी अनपेक्षित पांथस्थ आला तर तें त्याच्यासाठीं. आणि घरांतील कोणी दूर असेल वा परत आलेलें नसेल, तर तें त्याच्याही आठवणीसाठीं.

परत न आलेल्यांची संख्या या देशांत मोठी आहे. १७७२, १७९३ व १७९५ अशा तीन खेपांत शेजारच्या सत्तांनीं पोलंड वांटून घेतला आणि १९१८ पर्यंत, म्हणजे १२३ वर्षें, सार्वभौम पोलंड नकाशावर नव्हता. क्राकूफ कांहीं काळ स्वतंत्र नगरी होती. १८४६ सालीं तीही ऑस्ट्रियानें घेतली. अशा अवस्थेंत १८७९ सालीं चौकांतील जुन्या कापडबाजाराच्या इमारतींत एक चित्रसंग्रह उघडला आणि त्याला नांव दिलें ‘राष्ट्रीय संग्रहालय’! राज्य नव्हतें, पण राष्ट्र होतें, हें त्या नांवानें सांगितलें. तें दालन आजही तेथेंच आहे. थंडीच्या दुपारीं दोन तास तेथें अवश्य घालवावे. जवळच १३६४ सालीं स्थापन झालेलें विद्यापीठ आहे. कोपर्निकस तेथें शिकला. याच विद्यापीठांतील अध्यापकांना ६ नोव्हेंबर १९३९ रोजीं जर्मन अधिकाऱ्यांनीं एका व्याख्यानास बोलाविलें आणि १८० हून अधिक लोकांना पकडून नेलें. कांहींजण छळछावणींतच मरण पावले. तरीही युद्ध संपण्यापूर्वींच विद्यापीठाचे वर्ग चोरून चालूं लागले होते. मेरीमातेच्या चर्चमधील, फाइट श्टोस या शिल्पकारानें १४७७ ते १४८९ या काळांत घडविलेली लांकडी वेदीही त्या वेळीं जर्मनीस नेली गेली. ती १९४६ सालीं परत आली.

इतका इतिहास ऐकून मुलें दमणारच. त्यांच्यासाठीं एक सबंध दिवस व्येलिच्का येथील मिठाच्या खाणीस द्यावा. ती शहरापासून सुमारें १५ किलोमीटरांवर असून तेराव्या शतकापासून तींतून मीठ काढलें जात असे. शेंकडों पायऱ्या उतरून गेलें, कीं जमिनीखालीं १०१ मीटरांवर मिठांत कोरलेलें संत किंगाचें प्रार्थनामंदिर लागतें. बाहेर बर्फ पडत असला, तरी आंतील हवा बारमाही सौम्य असते, म्हणून कडक थंडीचा दिवस या खाणीसाठीं राखून ठेवणें शहाणपणाचें. १९७८ सालीं युनेस्कोनें जागतिक वारशाची पहिली यादी केली, तींत जगांतील अवघीं १२ स्थळें होतीं. त्यांत क्राकूफ व व्येलिच्का हीं दोन्ही होतीं.

आतां कुटुंबापुढें खरा अवघड प्रश्न उभा राहतो. क्राकूफच्या काझिमियेश भागांत शतकानुशतकें ज्यू लोकांची वस्ती होती. महायुद्धापूर्वी शहरांत त्यांची संख्या ६० हजारांच्या वर होती. मार्च १९४१ मध्यें नदीपलीकडे पॉडगूझे येथें त्यांना कोंडण्यांत आलें आणि १३ व १४ मार्च १९४३ रोजीं ती वस्ती रिकामी करण्यांत आली. तेथील चौकांत आज धातूच्या रिकाम्या खुर्च्या उभ्या आहेत. दुसरें कांहींच नाहीं. कोपऱ्यावर तादेउश पान्क्येविच या पोलिश औषधविक्रेत्याचें दुकान संग्रहालयाच्या रूपानें जपलें आहे; कोंडवाड्यांत राहून त्यानें लोकांना औषधें पुरविलीं व साह्य केलें. आणि शहराच्या पश्चिमेस सुमारें ६५ किलोमीटरांवर ऑश्व्येंचिम आहे, ज्याला जर्मनांनीं आउशविट्झ म्हटलें. तेथें सुमारें ११ लक्ष माणसें मारलीं गेलीं. त्यांतील सुमारें दहा लक्ष ज्यू होते.

सुट्टीच्या सहलींत तेथें मुलांना न्यावें काय? स्मारकाचे व्यवस्थापकच सांगतात कीं, १४ वर्षांखालील मुलांना आणूं नये. हा सल्ला मानावा. मोठीं मुलें असतील, तर आधीं दोन संध्याकाळ त्यांच्याशीं बोलून मग जावें, प्रवेशाची नोंद पुष्कळ आधीं करावी, २५ डिसेंबर व १ जानेवारी रोजीं स्मारक बंद असतें हें पाहून ठेवावें, आणि त्या दिवशीं दुसरी कोणतीही करमणूक ठेवूं नये. मुलें लहान असतील, तर आईबापांनीं आळीपाळीनें जावें. एकानें मुलांसह वावेलखालीं खऱ्या ज्वाला ओकणारा राक्षसी सर्पाचा पुतळा पाहावा. पण रिकाम्या खुर्च्यांचा चौक मात्र लहानग्यांनाही दाखवावा. जें त्यांना सांगतां येत नाहीं, तें दडवून ठेवण्याचें कारण नाहीं. ज्यानें पहिल्या दिवशीं तुटलेली धून ऐकली, त्याला खुर्ची रिकामी कां, हें एका वाक्यांत समजतें.

महाराष्ट्रांतील कुटुंबाला या प्रवासाचा आणखी एक धागा आहे. १९४० व ४१ सालीं पूर्व पोलंडमधून रशियनांनीं लक्षावधि लोकांना सैबेरिया व कझाकस्तानांत हद्दपार केलें. त्यांतून इराणमार्गें सुटलेल्यांपैकीं सुमारें पांच हजार, बहुतांशीं स्त्रिया व मुलें, कोल्हापूरजवळील वळिवडे येथें १९४३ ते १९४८ पर्यंत राहिलीं. तेथें त्यांच्या शाळा होत्या, देऊळ होतें, आणि त्यांचे नाताळही तेथेंच झाले. हे लोक क्राकूफचे नव्हते. पण ज्या पांथस्थासाठीं क्राकूफमध्यें एक पान जास्त मांडतात, तसे ते पांथस्थ होते आणि त्यांचें पान कोल्हापूरच्या मातींत मांडलें गेलें. त्या आश्रयाचें स्मारक वॉर्सा येथें आहे. म्हणून विमान वॉर्साला उतरणारें घ्यावें, एक सकाळ त्या स्मारकासाठीं काढावी, आणि मग दुपारची आगगाडी धरून सुमारें अडीच तासांत क्राकूफ गांठावें. दुसऱ्या दिवशीं बाराच्या ठोक्याला चौकांत जावयाचें आहे, हें मुलांना गाडींतच सांगून ठेवावें.