किडक्या पानाची साक्ष

जुनी पोथी हाती घेतली की आमचे लक्ष अक्षरांकडे जाते. कसरीने खाल्लेली जागा आम्ही ओलांडून पुढे जातो. तेथे काहीतरी होते आणि ते गेले, एवढाच तिचा अर्थ आम्ही घेतो. मात्र पोखरलेली जागा हीच मुख्य संहिता ठरावी, असा एक प्रसंग युरोपातील एका इवल्याशा पतंगाच्या इतिहासात घडला आहे.

या पतंगाचे शास्त्रीय नाव कॅमेरारिया ओह्रिडेला. लांबी जेमतेम ५ मिलिमीटर. पंख चकचकीत तांबूस-तपकिरी आणि त्यांवर काळ्या कडेच्या रुपेरी-पांढऱ्या रेघा. मादी हॉर्स चेस्टनट वृक्षाच्या पानावर अंडी घालते. अळी पानात शिरून वरच्या पातळ आवरणाखालचा हिरवा गर खाते आणि तेथेच कोष करते. वर्षाला साधारणतः तीन पिढ्या होतात. शेवटच्या पिढीचे कोष गळलेल्या पानांतच हिवाळा काढतात. आपल्याकडे लिंबू-संत्र्याच्या बागांत जिला नागअळी म्हणतात, ती याच कुळातली. तिची वाट नागमोडी असते, हिचा डाग पसरट. असे डाग एकमेकांत मिसळले की ऐन उन्हाळ्यात सारा वृक्ष पानगळीच्या ऋतूसारखा तपकिरी दिसू लागतो. तेवढ्याने तो सहसा मरत नाही.

हा पतंग प्रथम लक्षात आला १९८४ च्या सुमारास, तेव्हाच्या युगोस्लाव्हियातील ओह्रिड सरोवराच्या परिसरात. १९८६ मध्ये डेश्का आणि डिमिच यांनी नवी जात म्हणून त्याचे वर्णन केले. १९८९ मध्ये तो ऑस्ट्रियात आढळला आणि २००२ मध्ये लंडनमध्ये. किडलेली पाने वाहनांबरोबर दूरवर जातात, हे या प्रसाराचे एक कारण. पण तो मुळात आला कोठून? त्याच्या प्रजातीतील बहुतेक भाईबंद अमेरिकेतले, काही आशियातले. साहजिकच त्याला परका मानण्याकडे अनेकांचा कल होता.

गंमत अशी की, ज्या वृक्षावर तो जगतो त्याच्याविषयीही हाच वाद होऊन गेला होता. १५७६ मध्ये क्लुसियस या वनस्पतिशास्त्रज्ञाने हॉर्स चेस्टनट व्हिएन्नात लावला. बी कॉन्स्टँटिनोपलहून आले होते. त्यामुळे हे झाड पूर्वेकडचे, अशी समजूत दीर्घकाळ टिकली. अथेन्समध्ये राहणारे जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ थिओडोर फॉन हेल्डराइख यांनी १८७९ मध्ये ग्रीसच्या डोंगरांतून या वृक्षाचे रानटी नमुने गोळा केले आणि तो तेथलाच असल्याचे दाखवून दिले. पाने दाबून, वाळवून, कागदावर चिकटवून वनस्पतिसंग्रहांत जमा झाली.

२०११ मध्ये डेव्हिड लीस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी असे जुने नमुने पुन्हा तपासले. हेल्डराइख यांच्या पानांत त्यांना अळ्या सापडल्या. त्या संग्रहाला नंतर लागलेली कीड नव्हत्या; पान झाडावर जिवंत असतानाच आत शिरल्या होत्या आणि पानाबरोबर दाबल्या गेल्या होत्या. त्यांच्या डीएनएवरून जात निश्चित झाली. पतंगाचा ज्ञात इतिहास शंभराहून अधिक वर्षे मागे गेला आणि त्याचे मूळ घर बाल्कन प्रदेशच, हे सिद्ध झाले. हेल्डराइख यांचा प्रश्न झाडाच्या मायभूमीचा होता. पतंगाच्या मायभूमीचे उत्तर त्याच पानांच्या पोटात १३२ वर्षे पडून होते.

'पहिली नोंद' आणि 'आरंभ' यांत आम्ही वर्गात नेहमीच गल्लत करतो. महानुभावांचे ग्रंथ सांकेतिक लिप्यांत होते. विसाव्या शतकाच्या प्रारंभी त्या लिप्या उकलल्या, तेव्हा मराठी गद्याचा आरंभ कित्येक शतके मागे सरकला. ग्रंथ तेव्हा जन्मले नव्हते, वाचले गेले होते.

हे उदाहरण आम्ही उत्साहाने शिकवतो. पण ग्रंथालयातील फाटकी, किडकी, 'निरुपयोगी' पुस्तके रद्दीत काढण्याच्या याद्यांवर आम्हीही सह्या केल्या आहेत, आणि त्या पुस्तकांच्या समासांत काय होते ते पाहिलेले नाही. हेल्डराइख यांचे डागाळलेले पान कोणी असेच फेकून दिले असते, तर?