खिडकीजवळची जागा

उन्हाळ्यात आई-बाबा भारतातून आले की कॅनडातल्या मराठी घरांत एक कार्यक्रम ठरलेलाच असतो. टोरांटोच्या बाजूला राहत असाल तर नायगारा, अल्बर्टात असाल तर बॅन्फ. आम्ही अल्बर्टातले. बाबांचे गुडघे आणि आईला लागणारी गाडी यांचा विचार करून यंदा आम्ही स्वतः गाडी न काढता कॅल्गरीहून निघणारी एक दिवसाची बससहल घेतली. छतापर्यंत काचा, पुढे माइक घेतलेला हसतमुख गाईड, आणि प्रत्येक ठिकाणी फोटोपुरता थांबा. आईने दशम्या आणि दाण्याची चटणी घेतली होतीच. लेक मिनेवांका झालं, लेक लुईज झालं, मोरेन लेक झालं. (मोरेन लेकच्या रस्त्यावर २०२३ पासून खासगी गाड्यांना बंदी आहे, त्यामुळे तिथे बसवाल्यांचीच चलती.) दुपारी बाबा म्हणाले, "इथे काही करावंच लागत नाही गं. आपण नुसतं बसायचं, डोंगर आपण होऊन समोर येतात."

बाबा सहज बोलून गेले, पण बॅन्फचा इतिहास थोडाफार वाचला असल्यामुळे मला ते वाक्य चिकटून राहिलं. कारण हे उद्यान बसून बघणाऱ्यांसाठीच काढलेलं आहे.

तारखा बघा. ७ नोव्हेंबर १८८५ रोजी ब्रिटिश कोलंबियात क्रेगेलाकी इथे कॅनेडियन पॅसिफिक रेल्वेच्या रुळांचा शेवटचा खिळा ठोकला गेला. त्यानंतर अवघ्या १८ दिवसांनी, २५ नोव्हेंबरला, सरकारने बॅन्फच्या गरम पाण्याच्या झऱ्यांभोवतीची सुमारे २६ चौरस किलोमीटर जमीन राखीव म्हणून जाहीर केली. दोन वर्षांपूर्वी रेल्वेच्याच तीन कामगारांच्या, फ्रँक मॅकेब आणि विल्यम व टॉम मॅकार्डेल या भावांच्या, नजरेला हे झरे पडले होते. जमिनीतल्या भोकातून झाडाचं खोड खाली सोडून ते गुहेत उतरले. मग झरे कोणाचे यावरून वाद पेटला, आणि सरकारने तो मिटवला तो झरे स्वतःकडे ठेवून. १८८७ मध्ये कायदा करून उद्यान ६७३ चौरस किलोमीटरचं केलं. आज ते ६,६४१ चौरस किलोमीटर आहे. बॅन्फ हे नावही रेल्वेचंच. कंपनीचे अध्यक्ष जॉर्ज स्टीफन स्कॉटलंडमधल्या बॅन्फशायरचे.

निसर्ग जपावा वगैरे कल्पना तेव्हा फारशी कोणाच्या डोक्यात नव्हती. मिनेवांका तलावाजवळ, उद्यानाच्या हद्दीतच, बँकहेड नावाची कोळशाची खाण आणि तिच्याभोवतीचं गाव १९२२ पर्यंत नांदत होतं. खरी अडचण रेल्वेची होती. कर्ज अफाट आणि डोंगरातल्या मार्गावर माल नाही, माणसं नाहीत. कंपनीचा कारभार बघणारा विल्यम व्हॅन हॉर्न म्हणत असे म्हणतात, की हे डोंगर बाहेर पाठवता येत नाहीत, तेव्हा माणसांनाच इकडे आणू. १८८८ मध्ये बॅन्फ स्प्रिंग्ज हॉटेल उघडलं. अशी एक गोष्ट सांगतात की बांधताना नकाशा उलटा लागला आणि नदीचं सगळ्यात सुंदर दृश्य स्वयंपाकघराच्या वाट्याला आलं. आमच्या गाईडने ही गोष्ट फार रंगवून सांगितली. आईला तर ती पटलीच. "एकदा तरी स्वयंपाकघराला चांगली खिडकी मिळाली," म्हणाली.

श्रीमंत पाहुणे आले की त्यांना डोंगरात न्यायला कोणीतरी हवं. १८९६ मध्ये माउंट लेफ्रॉयवर फिलिप ॲबट हा अमेरिकन गिर्यारोहक पडून मेला. पाहुणे बिचकू नयेत म्हणून रेल्वेने १८९९ मध्ये थेट स्वित्झर्लंडहून एडुआर्ड फॉइट्स आणि क्रिस्टियान हेस्लर हे व्यावसायिक गाईड आणले. पुढे त्यांच्या बायकामुलांसाठी गोल्डन गावाजवळ स्विस धाटणीची लाकडी घरं बांधली, तीही उतारावर, रेल्वेतून दिसतील अशी. राहणाऱ्यांना ती कशी वाटली असतील कोण जाणे, पण खिडकीत बसलेल्या प्रवाशाला आल्प्समध्ये आल्यासारखं वाटलं पाहिजे, हा हिशेब.

आपल्याकडे गाईडला एक जुना, जास्त चांगला शब्द आहे: वाटाड्या. सह्याद्रीत भटकणाऱ्यांना फरक ठाऊक असतो. गाईड माहिती सांगतो. वाटाड्याला वाट ठाऊक असते, कारण तो तिथलाच असतो. रॉकीजमधले पहिले वाटाडे स्विस नव्हते, स्टोनी नाकोडा होते. लेक लुईजच्या काठावर आमच्या गाईडने सांगितलं की १८८२ मध्ये टॉम विल्सनने या तलावाचा शोध लावला. विल्सन रेल्वेच्या मोजणीपथकात घोडे हाकणारा. डोंगरातून बर्फ कोसळल्याचा गडगडाट त्याने ऐकला आणि जवळच मुक्काम केलेल्या स्टोनी लोकांना विचारलं, हे काय? एडविन हंटर नावाच्या माणसाने त्याला तलावापाशी नेऊन उभं केलं. त्याच्या भाषेत तलावाला नाव होतं, लहान माशांचा तलाव. विल्सनने त्याला पाचूचा तलाव म्हटलं, आणि १८८४ मध्ये राणी व्हिक्टोरियाच्या मुलीचं, लुईजचं नाव लागलं. तिचं संपूर्ण नाव लुईज कॅरोलाइन अल्बर्टा. म्हणजे तलाव तिचा आणि आम्ही राहतो तो प्रांतही तिचाच.

हे ऐकताना बाबा माझ्याकडे वळून म्हणाले, "म्हणजे आपल्या मॅलेटसारखं." बाबा कर्जतचे. माथेरानचा 'शोध' १८५० च्या मे महिन्यात ठाण्याचा कलेक्टर ह्यू मॅलेट याने लावला असं शाळेपासून शिकवतात. तो पायथ्याच्या चौक गावातून वर गेला, बरोबर गावचा पाटील होता. पाटलाचं नाव बहुतेकांना सांगता येत नाही. डोंगरावर धनगर, ठाकर, कातकरी आधीपासून ये-जा करत होते. पुढे बंगले झाले, १९०७ मध्ये पीरभॉयांची छोटी रेल्वे वर गेली, आणि शोध मात्र कलेक्टरच्या खात्यावर राहिला. त्या मानाने एडविन हंटर नशीबवान, निदान त्याचं नाव टिकलं.

सॅमसन बीव्हरचंही टिकलं, कारण मेरी शेफर ही फिलाडेल्फियाची बाई प्रामाणिक होती. बॅन्फच्या उत्तरेला, आजच्या जॅस्पर उद्यानात, मलीन तलाव आहे. १९०७ मध्ये बीव्हरने तिला तिकडचा नकाशा कागदावर काढून दिला. तो लहानपणी वडिलांबरोबर तिथे एकदाच गेला होता. तेवढ्या आठवणीच्या जोरावर काढलेला नकाशा घेऊन ती १९०८ मध्ये निघाली आणि तलावावर पोचली.

पण याच लोकांना उद्यानात जागा उरली नव्हती. स्टोनी नाकोडांनी १८७७ मध्ये सातव्या करारावर सह्या केल्या, तेव्हा पूर्वीसारखी शिकार करता येईल असा शब्द त्यांना मिळाला होता. १८९० पासून उद्यानात त्यांना शिकारबंदी झाली. मुक्कामाची जागा म्हणून उरली ती पूर्वेला मॉर्लीची राखीव जमीन. नंतर एकदा पुराने रूळ वाहून गेले, प्रवासी बॅन्फला अडकून कंटाळले, तेव्हा टॉम विल्सन मॉर्लीला गेला आणि स्टोनी लोकांना पाहुण्यांच्या करमणुकीसाठी घेऊन आला. नाच, घोड्यांच्या शर्यती, पिसांचे पोशाख. त्यातून बॅन्फ इंडियन डेज नावाचा उत्सव उभा राहिला आणि १९७८ पर्यंत चालला. 'इंडियन' ऐकून आईने उत्सुकतेने विचारलं, "आपले लोक होते का?" तिला समजावताना मला थोडं अवघडल्यासारखं झालं. मात्र हेही खरं, की त्या काही दिवसांत स्टोनी कुटुंबांना आपल्या जुन्या जागी तंबू ठोकता येत होते. बक्षिसं होती, नातलग भेटत होते. त्यामुळे त्याला नुसता तमाशा म्हणून उडवून लावणं मला जमत नाही.

आमची बस महामार्गाने धावत होती. नदीपलीकडे बो व्हॅलीचा जुना मोटाररस्ता आहे, बॅन्फहून लेक लुईजकडे जाणारा. सुरुवातीला मोटारींना या उद्यानात बंदी होती (माथेरानसारखीच). ती उठल्यावर रस्ता हवा झाला, आणि नेमकं तेव्हा फुकटात मिळावेत असे मजूर हाताशी आले. पहिल्या महायुद्धात ऑस्ट्रिया-हंगेरीच्या प्रजाजनांना शत्रू ठरवून कॅनडाने देशभर २४ छावण्यांत ८,५७९ माणसं डांबली. त्यांत बहुसंख्य युक्रेनियन, म्हणजे ज्यांना शेतीसाठी याच सरकारने आवतण देऊन आणलं होतं ते. जुलै १९१५ मध्ये कॅसल माउंटनच्या पायथ्याशी काटेरी तारेच्या आत तंबू उभे राहिले. हिवाळ्यात कैद्यांना बॅन्फ गावात, त्याच गरम झऱ्यांच्या शेजारी, आणून ठेवत. दिवसाला २५ सेंट मजुरीवर त्यांनी रस्ता खोदला. १९१७ मध्ये छावणी बंद झाली. १९९५ पासून तिथे एका कैद्याचा पुतळा आहे, त्याचं नाव 'का?'. बस तिथून जात नाही. आम्ही पुढच्या रविवारी आमच्या गाडीने गेलो.

आणि आपण? रेल्वेची जाहिरातचित्रं जगभरच्या पाहुण्यांना रॉकीजला बोलावत होती त्याच काळात, १९०८ मध्ये, सरकारने हुकूम काढला की जन्मदेशापासून कुठेही न थांबता, एकाच तिकिटावर आलेल्यालाच कॅनडात उतरता येईल. भारतातून असं थेट तिकीट कॅनेडियन पॅसिफिकच देऊ शकत होती, आणि ते विकू नका असं सरकारने तिला बजावलं. १९१४ मध्ये कोमागाटा मारू ३७६ प्रवासी घेऊन व्हँकुव्हरला आली. मोजके वगळता बाकीच्यांना दोन महिने बंदरात ताटकळून परत जावं लागलं. १९६७ च्या गुणपद्धतीनंतर आपल्यासारख्यांना दार नीट उघडलं. बाबांचा व्हिजा तीन आठवड्यांत आला तेव्हा यातलं काहीच माझ्या मनात नव्हतं.

परतताना ऊन उतरलं होतं. कॅनमोर मागे पडल्यावर महामार्ग स्टोनी नाकोडांच्या राखीव जमिनीतून जातो. गाईडने माइक बंद करून ठेवला होता, अर्धी बस झोपलेली, आईसुद्धा. मॉर्लीची पाटी आली. बाबा काचेला टेकून जागे होते.

"तो हंटर यांच्यातलाच ना?"

"हो."

ते बराच वेळ बाहेर बघत राहिले. तिथे बघण्यासारखं विशेष काही नव्हतं. गवत, दूरवर चार-दोन घरं, तीन घोडे.