दिनविशेष : 13 डिसेंबर

1803 : तंजावरच्या बृहदीश्वर मंदिराच्या प्राकारभिंतीवर तिथले भोसले राजे सरफोजी दुसरे यांनी कोरवून घेतलेल्या प्रदीर्घ मराठी शिलालेखावर हीच तारीख येते : शके 1725, मार्गशीर्ष अमावास्या. हा लेख म्हणजे बाबूराव चिटणीसांनी रचलेले भोसले घराण्याचे चरित्र.

राजराज चोळाने 1010च्या सुमारास पूर्ण केलेल्या या मंदिराचे तेरा मजली ग्रॅनाइटचे विमान 60 मीटरांहून उंच आहे. तंजावरभोवतीच्या कावेरीच्या गाळाच्या सपाटीत असा दगड नाही. तो दुरून आणावा लागला. देवाला धान्य पुरवणाऱ्या गावांची नावे इथल्या तमिळ लेखांत कोरली आहेत. 1987पासून हे मंदिर जागतिक वारसास्थळ आहे. इजिप्तच्या मंदिरांप्रमाणे इथेही भिंतींनीच इतिहास जपला, आणि त्यातला एक अध्याय आपल्या मराठीत आहे.