वचनदत्त भूमीचा करारनामा

बायबलच्या ‘उत्पत्ती’ या पहिल्या पुस्तकातला पंधरावा अध्याय श्रद्धेने वाचणाऱ्यालाही बुचकळ्यात टाकतो. देव अब्रामाला जमीन द्यायची म्हणतो आणि त्यासाठी तीन वर्षांची कालवड, तीन वर्षांची शेळी आणि तीन वर्षांचा एडका मागतो. जनावरे मधोमध चिरून अर्धे समोरासमोर मांडायचे. होला आणि पारव्याचे पिल्लू मात्र न चिरता. मांसावर झेपावणारी गिधाडे अब्राम हाकलत बसतो. सूर्य मावळताना त्याला गाढ झोप लागते, आणि अंधारात धुमसती भट्टी व जळती मशाल त्या तुकड्यांमधून पलीकडे जातात. लगेच जमिनीची हद्द सांगितली जाते: मिसरच्या नदीपासून फरात नदीपर्यंत. इथे वेदी नाही, होम नाही, प्रसादाचे भोजनही नाही. हा विधी ज्या घराण्यातला आहे ते घराणे देवळातले नसून दरबारातले आहे, असे माझे म्हणणे आहे.

पुरावा बायबलमध्येच आहे. यरुशलेमला बाबेलच्या सैन्याचा वेढा पडला तेव्हा राजा सिद्कीया आणि शहरातल्या सरदारांनी आपले इब्री गुलाम मुक्त करण्याचा करार केला, वासरू चिरून त्याच्या दोन भागांमधून ते चालत गेले, आणि थोड्याच दिवसांत त्यांनी ते गुलाम परत धरून आणले. यिर्मया संदेष्ट्याने त्यांना बजावले की त्या वासराचे झाले तेच तुमचे होईल. म्हणजे तुकड्यांमधून चालणे ही स्वतःवर ओढवून घेतलेली शापवाणी होती. बायबलबाहेरही ती सापडते. सीरियात अलेप्पोजवळ सेफीरे येथे इ. स. पू. आठव्या शतकातले तहाचे शिलालेख मिळाले. त्यांत अर्पादचा राजा मतिएल याने तह मोडला तर या वासरासारखा तोही चिरला जावो, असे कलम आहे. याच मतिएलाकडून अश्शूरच्या पाचव्या अशूर-निरारीने करून घेतलेल्या तहात कोकराचे मुंडके दाखवून हे मुंडके मतिएलाचेच समजावे, असे लिहिले आहे. बिचारा मतिएल! दोन्ही तहांत शापाचा धनी तोच, कारण अशा तहांत शाप सहसा मांडलिकावर असे. ‘उत्पत्ती’तली गंमत इथेच आहे. तुकड्यांमधून अब्राम जातच नाही, तो झोपलेला आहे. जातात भट्टी आणि मशाल, म्हणजे देणारा स्वतः. राजाने इमानी सेवकाला वंशपरंपरा इनाम द्यावे आणि शब्द मोडण्याचा दोष स्वतःच्या माथी घ्यावा, तसा हा प्रकार. अभ्यासक मोशे वाइनफेल्ड यांनी १९७० मध्ये अशा राजदानांशी याची तुलना केली. तिच्या तपशिलावर पुढे आक्षेप आले, पण देणाऱ्यानेच बांधून घेतले ही गोष्ट त्या आक्षेपांनी हलत नाही.

बायबलमधल्या मोशेच्या तोंडी घातलेल्या ‘अनुवाद’ या पुस्तकात मात्र पारडे फिरते. तिथे इस्राएल मांडलिक आहे आणि जमीन टिकणे आज्ञापालनावर अवलंबून आहे. या मांडणीचा नमुना कुठला, याचा अंदाज १९५५ मध्ये इराकमधल्या निमरूदच्या उत्खननात आला. अश्शूरचा सम्राट एसरहद्दोन याने इ. स. पू. ६७२ मध्ये आपला वारस अशूरबनिपाल याच्याशी एकनिष्ठ राहण्याची शपथ मांडलिकांकडून घेतली होती. त्या शपथपत्रांचे तुकडे नबू देवाच्या मंदिरात सापडले. वारसावर प्रेम करा, आणि भाऊ-मुलगा जरी फितुरीचे बोलला तरी लपवू नका, अशा त्यातल्या अटी आहेत. मोडल्यास आकाश पितळेचे आणि जमीन लोखंडाची होईल. ‘अनुवाद’ वाचलेल्याला हे सारे ओळखीचे वाटेल. त्याहून बोलका आहे शापांचा क्रम. अश्शूरच्या मजकुरात चंद्रदेव सीन कोड देतो आणि लगेच सूर्यदेव शमाश दृष्टी हिरावतो. देवांच्या मानपानाप्रमाणे शाप लागले आहेत. ‘अनुवाद’च्या अठ्ठाविसाव्या अध्यायात देव एकच, तरी त्वचारोगापाठोपाठ आंधळेपण येतेच. देव गेले, रांग उरली.

आक्षेप असा की ही शपथ यरुशलेमपर्यंत पोहोचली कशावरून? यरुशलेममध्ये तिची प्रत मिळालेली नाही, हे खरे. पण यरुशलेम ज्याची राजधानी त्या यहूदाचा राजा मनश्शे एसरहद्दोनच्या मांडलिकांच्या यादीत नावानिशी आहे, आणि तुर्कस्तानात तेल तायिनात येथे २००९ मध्ये याच शपथेची प्रत एका मंदिरात सापडली. म्हणजे ती पश्चिमेकडे धाडली जात होती. दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. अभ्यासक जॉर्ज मेंडेनहॉल यांनी १९५४ मध्ये दाखवले की हित्ती सम्राटांच्या तहांत पूर्वोपकारांचा इतिहास, अटी, मंदिरात प्रत ठेवणे, ती ठरावीक काळाने वाचणे, साक्षी आणि शाप-आशीर्वाद असा साचा आहे, आणि तो बायबलमधल्या कराराशी जुळतो. हित्ती साम्राज्य तर एसरहद्दोनच्या पाचशे वर्षे आधी संपले. मग हा करार तितकाच जुना नाही काय? साचा जुना असेल. सम्राट बदलतात, कारकुनांची भाषा टिकते. शिलाहारांच्या दानशिळांवरचे साक्षीदार सूर्य-चंद्र आणि खाली कोरलेला गधेगाळाचा शाप पाहिलेल्या मराठी वाचकाला हे वेगळे सांगायला नको. पण शापांची ती रांग मात्र अश्शूरची आहे. सम्राटाला वाहायची निष्ठा यहूदाच्या लेखकांनी उचलून देवाच्या चरणी ठेवली, आणि हे मांडलिकाचे बंड होते, असे मला वाटते.

देव जमीन देतो आणि रागावला की काढून घेतो, ही कल्पना इस्राएलची एकट्याची नव्हे. १८६८ मध्ये उजेडात आलेल्या मेशाच्या शिलालेखात मवाबचा राजा सांगतो की आपला देव कमोश आपल्या भूमीवर रागावला म्हणून इस्राएलने तिला छळले. मवाबपाशी देवाचा राग आहे, त्या रागाचे कलम मात्र नाही. यहूदाच्या करारात हद्दपारी आधीच लिहिलेली होती. म्हणून इ. स. पू. ५८६ मध्ये यरुशलेम पडले, मंदिर जळले, तेव्हा करार मोडीत निघाला असे न ठरता त्याचे एक कलम लागू झाले असे ठरले. शिवाय ‘लेवीय’ हे पुस्तक सांगते की शत्रूच्या देशातही देव करार विसरत नाही. आठव्या दिवशीची सुंता, शब्बाथ, ‘शेमा’चे निष्ठावचन: या खुणांना ना मंदिर लागे ना शेत. कोकणातल्या बेने इस्राएल ज्यूंनी ग्रंथ हाताशी नसताना नेमक्या याच गोष्टी जपल्या, आणि शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून गावाने त्यांना ‘शनवार तेली’ म्हटले.

राहतो सगळ्यांत अवघड आक्षेप: ती जमीन दुसऱ्यांची होती. ‘उत्पत्ती’ ही गोष्ट लपवत नाही. हद्द सांगितल्यावर लगेच तिथे राहणाऱ्या दहा लोकसमूहांची नावे येतात. ‘अनुवाद’मध्ये तिथल्या सात राष्ट्रांचा समूळ नाश करण्याची आज्ञाही आहे, आणि ती कुठल्या मखलाशीने सौम्य होत नाही. पण त्याच पुस्तकाच्या दुसऱ्या अध्यायात देव म्हणतो की अदोम, मवाब आणि अम्मोन यांनाही त्यांच्या जमिनी मीच दिल्या, त्यांना हात लावू नका. आमोस संदेष्टा तर पलिष्ट्यांना कफतोरहून देवानेच आणले असे सुनावतो. वचन मिळालेला अब्राम, म्हणजेच पुढचा अब्राहाम, पत्नीला पुरायला हेब्रोनची गुहा चारशे शेकेल चांदी मोजून विकत घेतो. वेढ्यातला यिर्मया अनाथोथचे शेत सतरा शेकेलांना घेऊन खरेदीखताच्या दोन प्रती, एक मोहोरबंद आणि एक उघडी, मातीच्या भांड्यात ठेवायला लावतो. वचन हाती असूनही दाम मोजावा लागतो. आणि ‘लेवीय’च्या पंचविसाव्या अध्यायात जमीन कायमची विकण्याला मनाई आहे ती एवढ्याच कारणावरून, की मालक देव आहे आणि इस्राएल त्याच्याकडे राहणारा उपरा. ‘उत्पत्ती’च्या पंधराव्या अध्यायातली हद्द तेवढी उचलून नकाशावर मांडणाऱ्यांना हे कलम गाळावेच लागते.